टोपलीतली चाल

पेडणे, १२ मार्च १९८७

बाय मारकेता,

त्या सकाळी मी पायपेटी ओसरीवर ओढली, तिची मागची फळी काढली आणि तिला उन्हाकडे पाठ करून ठेवलं. अधूनमधून हे करावं लागतं, नाहीतर भात्याचं कातडं दमट होऊन वास मारतं. मग अंगण झाडलं. चुलीवर पेज होती. ती उतू जाऊ नये म्हणून एक डोळा तिकडे ठेवून मी वाळत घातलेल्या सुपाऱ्या परतत होते. पोदेर, आमचा पाववाला, सायकलवरून भोंगा वाजवत आला. तुझ्या वडिलांना सकाळी आधी पाव लागायचा, पेज नंतर. मी दोन पाव घेतले आणि आत जाऊन हाक मारली. ते खुर्चीत बसले होते, सुजलेले पाय पाटावर टेकून. हाकेला ओ आली नाही. मी पाव हातात धरून तशीच उभी राहिले. पाव गरम होते, हे मला अजून आठवतं.

ही गेल्या महिन्यातली गोष्ट. तुला ती माझ्याकडून कळते आहे ह्याचं वाईट वाटतं, पण दुसरं कोणी कळवणारं नव्हतं. मी अनुसया. तुझे वडील ओताकार ह्यांची इथली बायको. तुझ्या आईने तिकडच्या कोर्टात सोडचिठ्ठी घेतली, तो कागद त्यांना पोचला, आणि त्यानंतरच मी त्यांना हो म्हटलं. हे आधीच लिहिते, म्हणजे पुढचं ऐकताना तुझ्या मनात तो खडा टोचायला नको. तुला मी तू म्हणते. वयाने तू मला लेकीसारखी.

मी मराठीत लिहिते, कारण दुसरी भाषा मला लिहिता येत नाही. प्रागच्या इरेनाबाई मराठी शिकल्या आहेत आणि आमचा दशावतार बघायला एकदा आमच्याकडे राहून गेल्या आहेत. त्या तुला हे वाचून सांगतील. इरेनाबाई, आहे तसंच सांगा, गोड करून सांगू नका.

मी मूळची डिचोलीकडच्या मुळगावची. आमच्या घराण्यात बायका देवळात गायच्या आणि लग्न करायची रीत नव्हती. ती आमच्या पिढीने आणली. मला जत्रेच्या नाटकांत बायकांच्या कामाला बोलवायचे. शाळेत गेले नाही. नक्कल, म्हणजे आपल्या वाट्याची वाक्यं लिहिलेले कागद, मला दुसरं कोणी वाचून दाखवायचं आणि मी पाठ करायचे. एक दिवस लक्षात आलं की वाक्य तर मला येतंच, आता कागदावर कुठला शब्द कुठे बसलाय तेवढंच शोधायचं. तशी मी वाचायला शिकले. आता झोप येत नाही, तेव्हा मिळेल ते वाचते.

तुझे वडील पेडण्यात आले ते एका बेसूर पेटीमुळे. मोरजीच्या किनाऱ्यावर तेव्हा दाढीवाले परदेशी येऊन राहायचे, त्यांतच एक म्हणून ते राहत होते. जत्रेच्या नाटकाची तालीम चालली होती आणि ते रस्त्याने जात होते. आमची पायपेटी जुनी, फोंड्याहून बैलगाडीतून आणलेली, आणि तिचे निम्मे सूर उतरलेले. आम्हाला सवय झाली होती. ते सरळ रंगमंचाच्या मागे आले, कोणाला न विचारता पेटी उघडली आणि खिशातल्या चाकूने पितळेचे सूर घासायला लागले. उत्सव समितीचे सगुणबाब, म्हणजे आमच्या नाटकांचे सर्वेसर्वा, चाकू बघून ओरडले, "अरे धरा त्येका! हिप्पी पेटी मोडता!" दोघांनी धरलंसुद्धा. मग तुझ्या वडिलांनी मोकळ्या राहिलेल्या हाताने एक पट्टी दाबली, सगुणबाबांनी सवयीने पायाने भाता मारला, आणि तो सूर आला. सगुणबाब म्हणाले, "सोडा त्येका."

तुझ्या वडिलांचे वडील देवळांतले, म्हणजे तुमच्या चर्चमधले, मोठाले ऑर्गन बांधायचे हे मला पुढे कळलं. ते स्वतः तिकडे नट होते आणि नाटकासिनेमाला संगीत द्यायचे हेसुद्धा पुढे कळलं. तेव्हा दिसलं ते इतकंच, की हा माणूस पेटीच्या पोटाला कान लावून डोळे मिटतो आणि आतला कुठला सूर दुखतोय ते त्याला कळतं. मी असं पहिल्यांदा पाहिलं. आजवर माझं ते पाहून झालेलं नाही.

तू उत्तर दिलंस तर आणखी लिहीन. एक विचारायचंही आहे, पण ते आज नको.

अनुसया


पेडणे, ३ जून १९८७

बाय मारकेता,

तुझं उत्तर मिळालं. इरेनाबाईंनी मी सांगितलं तसंच केलं, गोड केलं नाही. तू लिहितेस, "माझे वडील मी चार वर्षांची असताना मेले. त्यांच्या नावामुळे मला संगीताच्या शाळेत घेतलं नाही. मी चष्म्याच्या काचा घासते. ते पुन्हा मेले हे मला कळवायची गरज नव्हती."

मी ते वाचलं, ठेवलं, परत वाचलं. तुझा राग खोटा आहे असं मी म्हणणार नाही. पण तू उत्तर दिलंस, म्हणून मी लिहिते. नको असेल तर इरेनाबाईंना इथेच थांबायला सांग.

चार दिवसांपूर्वी आमच्या गोव्याचं राज्य झालं. पंचविसावं राज्य. फटाके झाले, शाळेत पेढे वाटले. गेल्या वर्षभर इथे भाषेवरून रान पेटलं होतं. कोकणी की मराठी. रस्त्यात झाडं आडवी टाकली, बसगाड्यांच्या काचा फोडल्या, भाऊ भावाच्या दारातून जाईना. आमच्या पेडण्याडिचोलीला बहुतेक मराठीवाले. तुझ्या वडिलांना येऊन विचारलं, "ओताबाब, तुमी कोणाच्या बाजूक?" त्यांनी उत्तर दिलं, "वीरहो, माझ्या देशी मला एकाच भाषेत गप्प बसवलं. तुमच्यापाशी दोन आहेत, मौज आहे."

हसू नकोस, ते असंच बोलायचे. मराठी ते शिकले ते पौराणिक नाटकांतून, मी त्यांच्याजवळ नक्कल धरून बसायचे तेव्हा. त्यामुळे घरातही राजासारखं बोलायचे. "हे सुंदरी, पेज सिद्ध आहे काय?" बाजारात मासळीवाली गंगा बसते, तिला पहिल्याच दिवशी म्हणाले, "हे मत्स्यगंधे, आज बांगडे ताजे आहेत काय?" ती उसळली. "वास कोणाक मारता रे मेल्या? तुज्या बापाशीक!" मग कोणीतरी तिला सांगितलं की मत्स्यगंधा ही राणी होती. तेव्हापासून ती त्यांना एक बांगडा वर घालायची. कोकणी त्यांना तिनेच शिकवली, म्हणून त्यांच्या कोकणीत शिव्या फार होत्या.

तुला ते काय होते ते ठाऊक आहे की नाही, मला कळत नाही. इरेनाबाई म्हणतात, सिनेमांवरून त्यांचं नाव काढून टाकलंय, गाणं लागतं पण कोणाचं ते सांगत नाहीत. म्हणून त्यांनी मला जे सांगितलं ते लिहिते. ब्रनो शहरात त्यांचं लहानसं थिएटर होतं. तिथे ते काम करायचे आणि पडद्यामागे जाऊन पियानोही वाजवायचे, पेहेराव न उतरवता. एकदा राक्षसाच्या शिंगांसकट. एका सिनेमातलं त्यांचं गाणं इतकं चाललं की ट्रामचा कंडक्टर तिकीट फाडताना तेच गुणगुणायचा आणि ते मागे बसून त्याची चूक ऐकायचे. मग रशियाचे रणगाडे आले. त्यानंतर त्यांनी रंगमंचावर एक गाणं म्हटलं. एक माणूस आपल्याच घराचं दार ठोठावतो आणि आतून विचारतात, कोण पाहिजे? एवढंच. पुढच्या वर्षी त्यांची मंडळी नाटक घेऊन मुंबईला आली असताना निरोप मिळाला की परतलात तर विमानतळावरच धरतील. ते राहिले. तुला लिहिलेली पत्रं न उघडता परत यायची. ती तुझ्या आईने परत केली की सरकारने, हे मला ठाऊक नाही, आणि मी विचारतही नाही.

मी त्यांच्याशी लग्न करते म्हटल्यावर गावात कुजबूज झाली. माझी आई म्हणाली, "आमच्या घरात घोव हीच नवी वस्तू. तो खंयच्या मुलखातलो ता कोण इचारता?"

इथे ते नट झाले ते सगुणबाबांच्या थट्टेतून. महाभारतातलं नाटक होतं. "ह्येका पंडू करूया," सगुणबाब म्हणाले. "मुळातच पांडरो आसा, रंगाचो त्रास वाचलो." पंडू पहिल्या अंकात मरतो. तुझे वडील मेले ते असे, की लोकांनी पुढचा अंक उगाच बघितला. म्हणून दोन वर्षांनी त्यांना धृतराष्ट्र दिला. आंधळा राजा, युद्धात ज्याचे सगळे मुलगे गेले.

शेवटच्या प्रवेशात संजय त्याच्यापुढे मेलेल्या मुलांचे फेटे आणून ठेवतो. राजा एकेक चाचपतो आणि विचारतो, "हा कोणाचा?" संजय नाव सांगतो. दहाबारा फेटे होते. तुझे वडील प्रत्येकाला वेगळा हात लावत होते. एकाची घडी नीट केली. एकाला वास घेतला. मग शेवटचा हातात आला आणि त्यांनी विचारलंच नाही. तो घेऊन नुसते बसले. बाहेर जत्रेतली मिठाई विकणाऱ्या खाजेकाराने तागडं उचललं होतं, ते तसंच वर राहिलं. सगुणबाब संजय होते, ते पुढचं वाक्य विसरले. मी विंगेत पुस्तक धरून होते. मला ते सांगायचं होतं, पण माझंही पान हरवलं.

नंतर मी विचारलं, "हे तुम्ही कसं केलंत?" ते म्हणाले, "मी काही केलं नाही. शेवटचा फेटा लहान होता. कोणीतरी चुकून पोराचा आणला होता."

तोवर मला तुझं नाव ठाऊक नव्हतं. त्या दिवशी सांगितलं त्यांनी.

तुमच्या नाताळच्या आधी ते दरवर्षी गोड्या पाण्यातला एक जिवंत मासा आणून न्हाणीतल्या घंगाळात ठेवायचे. तिकडे तशी रीत आहे म्हणे. दोन दिवस त्याच्याशी बोलायचे आणि मग त्यांच्याच्याने मारवायचा नाही, नदीत नेऊन सोडायचे. मी चिडायचे. आंघोळ कुठे करायची माणसाने? यंदा घंगाळ रिकामं राहील.

अनुसया


पेडणे, ९ नोव्हेंबर १९८७

बाय मारकेता,

तुझ्याकडून काही आलं नाही. तरी लिहिते, कारण आता विचारायची वेळ आली आणि हे तुझ्याशिवाय दुसऱ्या कोणाला विचारता येत नाही.

आमच्याकडे नाटकाच्या सुरुवातीला नांदी होते. पडद्यामागे सगळे नट हात जोडून ओळीने उभे राहतात, देवाचं गाणं म्हणतात, नारळ फोडतात, पडदा उघडतो. नारळ एकदा फुटला की तो परत फोडता येत नाही. सोळा वर्षांपूर्वीच्या जत्रेला तुझे वडील पेटीवर पहिल्यांदा बसले. सूर नीट लागलेत का ते बघायला त्यांनी आपली हळूच एक चाल वाजवली. नटांना वाटलं, हीच नवी नांदी. सगळ्यांनी हात जोडले. नारळवाल्याला वाटलं, सुरुवात झाली. त्याने फोडला. पडदा उघडला. समोर सगळं गाव हात जोडून उभं राहिलं, म्हातारीकोतारी, पोरं, पालखीचे भोई. तुझे वडील मला म्हणाले होते, "मी थांबलो असतो तर तेवढे सगळे हात खाली आले असते. मी कसा थांबणार?"

त्या वर्षी नाटक फार रंगलं, म्हणून पुढल्या वर्षी लोकांनी तीच चाल मागितली. गावातल्या शाळेच्या मास्तरांनी तिला मराठी शब्द घातले. तेव्हापासून ती आमची नांदी. पोरं गुरं राखताना म्हणतात. नाटकं दरवर्षी बदलतात आणि त्यांची गाणीही जातात. तुझ्या वडिलांनी इथे काही लिहून ठेवलं नाही. राहिली आहे ती एवढी चाल.

ती कुठली आहे हे गावात कोणाला ठाऊक नाही. मला आहे. घरी ती त्यांनी कधी वाजवली नाही. मी एकदा म्हटलं, वाजवा ना. त्यांनी पेटीचं झाकण लावलं आणि सांगितलं. तू लहान असताना आई कामाला जायची आणि ते तुला थिएटरात न्यायचे, कपड्यांच्या टोपलीत घालून. तू झोपायची नाहीस. शब्दांचं गाणं म्हटलं की "का?" म्हणून विचारायचीस. चंद्र का? कोल्हा का गेला? म्हणून त्यांनी बिनशब्दांची चाल केली. तिच्यात विचारायला काही नव्हतं, मग तू झोपायचीस. ती तुझी अंगाई आहे. आमच्या घरी तिची गरज पडली नाही.

आता भांडण असं आहे. गोकुळदास म्हणून तुझ्या वडिलांचा शिष्य आहे, तो कोकणीच्या बाजूने गेला. गेल्या वर्षी त्याने चालीला कोकणी शब्द केले आणि सगुणबाबांनी सांगितलं की मराठी शब्द बदलू देणार नाही. दोघं मांडवात आपापली माणसं घेऊन उभे होते, शब्द तोंडात धरून. तुझे वडील पेटीवर, आणि मी खाली जमिनीवर बसून हातांनी भाता मारत होते, कारण त्यांच्या पायांत जोर राहिला नव्हता. त्यांनी दोन्हीकडे बघितलं आणि वाजवायला लागले. कोणी आधी तोंड उघडायचं हे ठरेना, म्हणून कोणीच उघडलं नाही. चाल एकटी झाली. पुढे दोन महिन्यांनी ते गेले तेव्हा अग्नी कोणी द्यायचा ह्यावरही हे दोघं स्मशानात भांडले. शेवटी एकच पलिता दोघांनी धरला.

आता जत्रा आलीय. पेटी वाजवणारा गोकुळदासच आहे, आणि सगुणबाब म्हणतात, "तो पेटीर बसलो तर शब्द आमचे." गोकुळदास म्हणतो, "शब्द तांचे तर हात माजे न्हय." समितीने ठरवलंय, जत्रेपर्यंत मिटलं नाही तर ही चाल सोडायची आणि जुनी नांदी परत आणायची.

मी खरं सांगितलं तर शब्दांचं भांडण मिटेल, पण कदाचित चालच जाईल. देवापुढे आपण इतकी वर्षं एका पोरीची अंगाई म्हटली, ह्याची लोकांना लाज वाटली तर? आणि गप्प राहिले तरी ती जाईल. पण चाल माझी नाही. तुझी आहे. तू नको म्हणालीस तर मी तोंड उघडणार नाही. सांगू का, एवढंच कळव.

अनुसया


पेडणे, २८ डिसेंबर १९८७

बाय मारकेता,

तुझं कार्ड पोचलं. इरेनाबाईंनी खाली मराठीत लिहिलंय, "टोपली आठवते. तिला दाढ्या चिकटवायच्या गोंदाचा वास यायचा. सांगा."

मी ते चुलीजवळ उभ्या उभ्या वाचलं. वाचून झाल्यावर गोंदाची बाटली काढली. त्यांच्या नाटकाच्या सामानात होती. बूच उघडून वास घेतला. मग बूच लावलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी दोघांनाही निरोप पाठवला, एकमेकांना न कळवता. माझ्या घराच्या पुढे बलकांव आहे, दोन्ही बाजूंना बसायला दगडी बाकं. सगुणबाब एका बाकावर बसले. गोकुळदास आला, त्यांना बघून वळला. मी म्हटलं, "गोकुळदास, तुझ्या गुरूचं घर आहे हे. बस." तो समोरच्या बाकावर बसला, तोंड रस्त्याकडे करून.

मी चहा दिला आणि सगळं सांगितलं. टोपली, तू, तुझं "का?", आणि तो नारळ.

सगुणबाबांनी कप खाली ठेवला. "म्हणजे इतकी वर्सां आमी देवाफुडे पोरग्याक निजवचा गाणा म्हणी होतो?"

"होय," मी म्हटलं.

"आणि मी फुडे उभो रवान सगळ्यात मोट्यान!"

"डोळे मिटून," गोकुळदास रस्त्याकडे बघतच म्हणाला. "एकदा तुमच्या डोळ्यांत पाणी आयल्लें. म्हाका याद आसा."

"तू गप रे! तू कोकणीत निजयत होतंस देवाक!"

"तुमी मराठीत निजयत होते, म्हणून देव आमचें भांडण पळोवक जागो जालो ना."

मी दाराच्या चौकटीला धरून उभी होते. आता सगुणबाब उठून जातील असं मला वाटलं. ते उठले नाहीत. त्यांचे खांदे हलायला लागले. आधी मला कळेना, मग आवाज आला. ते हसत होते, आणि हसता हसता पंच्याने डोळे पुसत होते. गोकुळदास वळून बसला. वर्षभर तो त्यांच्याकडे बघत नव्हता.

हसू ओसरल्यावर मी विचारलं, "मग आता सोडणार का चाल?"

"कित्या सोडू?" सगुणबाब म्हणाले. "चैताक रामाक पाळण्यात घालून हलयतो मां आमी? सांजेक शेजारती करून देवाक निजयतो मां? मगे ह्या काय वेगळा? देवाक आवडला नसता तर पयल्याच वर्सा नारळ कुसको निघालो असतो." मग म्हणाले, "पण शब्द?"

"नाहीतच तिला," मी म्हटलं.

गोकुळदासाने कप उचलला, चहा थंड झाला होता, तो तसाच प्याला. "मी वाजयतां," म्हणाला.

जत्रा शनिवारी झाली. ते जाऊन अजून वर्ष पुरं व्हायचंय, म्हणून मी मांडवात गेले नाही. आमच्यात तसं जात नाहीत. देवळाच्या आवाराबाहेर भिंतीला टेकून बसले. दिवेलागणीची वेळ होती, खाजेकारांनी पेट्रोमॅक्स लावले होते. गंगा आपली मासळीची पाटी धुऊन आली आणि माझ्या बाजूला बसली. "मी हंयसर बसतां," म्हणाली, "थंय गर्दी." गर्दी नव्हती. मग आणखी बायका आल्या, एकेक करत. कोणाच्या मांडीवर पोर होतं.

आतून सगुणबाबांचा आवाज आला. त्यांनी लोकांना सांगितलं की ही चाल ओताबाबाने आपल्या चेडवाला, लेकीला, निजवायला केलेली आहे, तिला शब्द नाहीत, आणि आज कोणी घालू नयेत. कोणीतरी हसलं, कोणीतरी त्याला गप्प केलं. मग भाता भरल्याचा श्वास ऐकू आला. हा मला ओळखता येतो. सूर सुरू झाला. पहिले दोन फेरे एकटी पेटी. मग माझ्या बाजूला गंगा तोंड मिटून गुणगुणायला लागली, पोराला थोपटताना बायका गुणगुणतात तशी. मग बाकीच्या. मग आतून, मांडवातून, पुरुषांचा जाड आवाज, तोही तोंड मिटून. सगळं गाव, मारकेता. मराठीवाले आणि कोकणीवाले, सगुणबाबसुद्धा, आणि त्यांना सूर कधीच लागत नाही. भिंतीला पाठ टेकली होती, ती भिंत माझ्या पाठीत वाजत होती. ब्रनोच्या थिएटरातली एक टोपली, तिच्यात न झोपणारी एक पोर, आणि तिच्यासाठी केलेली एवढीशी चाल एवढं पाणी ओलांडून इथे आली, आणि इथे माणसं हात जोडून उभी आहेत. मला हे कसं झालं ते कळत नाही. मी बरंच वाचलंय, पण ह्याच्याबद्दल कुठे लिहिलेलं सापडलं नाही.

नारळ फुटला. आत नाटक सुरू झालं. मी बघायला थांबले नाही. गंगा घरापर्यंत सोबत आली आणि दारातून परत गेली.

तुला यायला देतात की नाही, मला ठाऊक नाही. आलीस तर पेटी इथे आहे आणि गोकुळदास आहे. नाही आलीस तरी दरवर्षी जत्रेला, दिवेलागणीच्या वेळी, तुला इथे निजवतात हे लक्षात ठेव.

फेब्रुवारीपासून मला झोप नव्हती, हे मी आधी लिहिलंच आहे. दुसऱ्या दिवशी, रविवारी, पोदेर भोंगा वाजवून निघून गेला तो मला ऐकू आला नाही. ऊन उंबऱ्याच्या आत येईपर्यंत मी झोपले. मग उठून चूल पेटवली आणि पेज ठेवली.

तुझी,
अनुसया